ओम पुरी : समांतर चित्रपटाचा खडबडीत चेहरा

गोविंद निहलानी यांचा 'आक्रोश' १९८० साली आला, तेव्हा त्याच्या नायकाला जवळजवळ संवादच नव्हते. पत्नीच्या खुनाच्या आरोपाखाली गजाआड असलेला आदिवासी लहान्या भिकू वकिलाच्या कोणत्याही प्रश्नाला उत्तर देत नाही. सरकारने नेमलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याला परोपरीने विचारतो आणि समोरून फक्त दोन डोळे रोखून पाहत राहतात. ही भूमिका करणारा नट तिशीचा होता. चेहऱ्यावर देवीचे व्रण, नाक मोठे, रंग सावळा. हिंदी चित्रपटाच्या रूढ संकेतांनुसार अशा चेहऱ्याला फार तर खलनायकाच्या टोळीतील तिसऱ्या-चौथ्या माणसाचे काम मिळाले असते. त्या चेहऱ्याने पुढे दोन राष्ट्रीय पुरस्कार आणि परदेशी महोत्सवातील सन्मान मिळवले आणि ब्रिटिश अकादमीच्या नामांकनापर्यंत मजल मारली. ओम पुरी यांची कारकीर्द म्हणजे एका नटाच्या यशाची कथा आहेच. पण बाजारपेठेच्या बाहेर तयार होणाऱ्या चित्रपटावर एखादा नट किती काळ आणि कशाच्या बळावर जगू शकतो, याचाही तो एक लांबलचक हिशेब आहे.

हरियाणातील (त्यावेळच्या पंजाबातील) अंबाला येथे १९५० साली त्यांचा जन्म झाला. जन्मतारखेची नोंद घरात कोणी ठेवली नव्हती. आईला दसऱ्याचा सुमार तेवढा आठवत होता आणि त्यावरून पुढे १८ ऑक्टोबर ही तारीख त्यांनी स्वीकारली. वडील रेल्वेत नोकरीला होते. ओम सहा-सात वर्षांचे असताना वडिलांवर सिमेंटच्या चोरीचा आळ आला, त्यांना तुरुंगात जावे लागले आणि कुटुंबाच्या डोक्यावरचे छप्परही गेले. चहाच्या टपरीवर कपबश्या विसळणे, रेल्वे रुळांच्या कडेने पडलेला कोळसा वेचणे, अशी कामे या मुलाने केली. पुढे पतियाळाजवळच्या सनौर येथे मामाच्या घरी राहून शिक्षण झाले. दारिद्र्याचे भांडवल करण्याची सवय चित्रपटसृष्टीत नवी नाही. पण पुरी यांच्या बाबतीत हा तपशील टाळून पुढे जाता येत नाही. लाकूड फोडणारा, रिक्षा ओढणारा, कातडी कमावणारा माणूस पडद्यावर उभा करताना त्यांच्या खांद्यांत, पाठीत आणि विशेषतः हातांत जो खरेपणा दिसे, तो केवळ निरीक्षणातून आलेला नव्हता.

पतियाळाच्या खालसा महाविद्यालयात शिकत असताना त्यांनी एका वकिलाकडे कारकुनी केली आणि नाटकाच्या वेडापायी ती नोकरी गमावली. हरपाल तिवाना यांच्या 'पंजाब कला मंच' या संस्थेत त्यांना पहिले रंगमंचीय संस्कार मिळाले. १९७० साली ते दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात दाखल झाले. तेथे इब्राहिम अल्काझी संचालक होते. पुण्यात जन्मलेल्या या शिस्तप्रिय रंगकर्मीने हिंदुस्थानी नटांची एक संपूर्ण पिढी घडवली. पंजाबी माध्यमातून आलेल्या पुरींना इंग्रजीचा मोठा न्यूनगंड होता. आजूबाजूचे विद्यार्थी सफाईदार इंग्रजीत नाटकांची चर्चा करीत आणि हा मुलगा गप्प बसे. त्याच वर्गात नसीरुद्दीन शाह होते, कॉन्व्हेंटमध्ये शिकलेले आणि इंग्रजी नाटकांवर पोसलेले. स्वभाव, पार्श्वभूमी आणि भाषा या तिन्ही बाबतीत दोन टोकांना असलेल्या या दोघांची मैत्री मात्र शेवटपर्यंत टिकली. १९७७ च्या सुमारास मुंबईतील एका उपाहारगृहात नसीर यांच्यावर एका परिचिताने मागून चाकूने वार केला, तेव्हा त्याला आवरण्यासाठी झेप घेणारे आणि जखमी मित्राला घेऊन रुग्णालय गाठणारे पुरीच होते. नसीर यांनी २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात हा प्रसंग सविस्तर लिहिला आहे.

पुण्याचे ऋण

दिल्लीहून पुरी पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये आले. 'प्रभात'च्या जुन्या आवारात त्या काळी अभिनयाचा अभ्यासक्रम रोशन तनेजा चालवीत असत. पुण्यात पुरींना चित्रपटाचे तंत्र मिळाले आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे सोबती मिळाले. संस्थेतून बाहेर पडलेल्या तरुणांनी 'युक्त फिल्म को-ऑपरेटिव्ह' नावाची सहकारी संस्था काढली, बँकेचे कर्ज उभे केले आणि विजय तेंडुलकरांच्या 'घाशीराम कोतवाल'वर मराठी चित्रपट काढला (१९७६). के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप या चौघांचे दिग्दर्शन असलेल्या या चित्रपटात घाशीरामाची भूमिका ओम पुरी यांनी केली, तर नाना फडणविसांची भूमिका रंगमंचावर ती गाजवलेल्या मोहन आगाशे यांनी. म्हणजे हिंदी समांतर चित्रपटाच्या या आधारस्तंभाची पडद्यावरील खरी सुरुवात मराठी चित्रपटाने झाली. हे आपल्याकडे फारसे आठवले जात नाही. चित्रपट प्रयोगशील होता, त्याला रीतसर प्रदर्शन असे लाभले नाही. सामान्य प्रेक्षकाने तो पाहिलाच नाही म्हटले तरी चालेल.

येथे त्या काळच्या अर्थकारणाविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. १९६० साली केंद्र सरकारने फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन स्थापन केले. १९६९ च्या 'भुवन शोम'पासून या महामंडळाच्या कर्जावर अल्पखर्चाचे, नवख्या दिग्दर्शकांचे चित्रपट निघू लागले. १९८० साली ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात म्हणजे एनएफडीसीत विलीन झाले. त्याखेरीज राज्य सरकारे, सहकारी संघ आणि दूरदर्शन हेही निर्मात्याच्या भूमिकेत उतरले. श्याम बेनेगल यांचा 'आरोहण' (१९८२) पश्चिम बंगाल सरकारच्या पैशावर निघाला, तर 'सुसमन' (१९८७) हातमाग सहकारी संस्थांच्या. दोन्हींत मुख्य भूमिका ओम पुरी यांची. पहिल्यात ते जमिनीच्या हक्कासाठी न्यायालयाचे उंबरठे झिजवणारा बंगाली कूळ होते, दुसऱ्यात आंध्रातील विणकर. अशा चित्रपटांत नटाला मिळणारे मानधन नाममात्र असे. मुंबईत चरितार्थासाठी पुरी यांनी अभिनयाच्या वर्गात शिकवले. अनिल कपूर हे त्यांच्या त्या काळातील विद्यार्थ्यांपैकी एक. विद्यार्थी लवकरच 'स्टार' झाला आणि शिक्षक पुढची अनेक वर्षे लोकलने हिंडत राहिला, ही या व्यवसायाची रीत.

मुंबईत त्यांनी 'मजमा' ही नाट्यसंस्था काढली होती. तिच्यातर्फे गो. पु. देशपांडे यांच्या 'उद्ध्वस्त धर्मशाळा'चे हिंदी प्रयोग झाले. चौकशी समितीपुढे उभ्या राहिलेल्या डाव्या प्राध्यापकाचे हे वैचारिक नाटक. पडद्यावर मात्र या काळात त्यांच्या वाट्याला छोटी कामे येत होती. बेनेगल यांच्या 'भूमिका'त (१९७७) एक, मिर्झा यांच्या 'अरविंद देसाई की अजीब दास्तान'मध्ये (१९७८) एक, केतन मेहता यांच्या गुजराती 'भवनी भवाई'त (१९८०) आणखी एक. मग 'आक्रोश' आला.

'आक्रोश'ची पटकथा तेंडुलकरांची. बेनेगल यांचे छायालेखक म्हणून नाव मिळवलेल्या निहलानींचा दिग्दर्शक म्हणून हा पहिला चित्रपट. नसीर वकिलाच्या, अमरीश पुरी सरकारी वकील दुसाने यांच्या, स्मिता पाटील लहान्याच्या पत्नीच्या भूमिकेत. नाटककार महेश एलकुंचवारही एका छोट्या भूमिकेत दिसतात. लहान्याची पत्नी गावातील प्रतिष्ठितांच्या वासनेला बळी पडली आहे आणि आरोपी मात्र तोच ठरला आहे. त्याने बोलले तर घरात उरलेल्या बहिणीचे काय होईल, हे त्याला ठाऊक आहे. म्हणून तो गप्प आहे. पित्याच्या अंत्यसंस्कारासाठी बेड्यांसह आणलेला लहान्या तेथेच पडलेली कुऱ्हाड उचलतो आणि बहिणीवर घालतो. तिच्या वाट्यालाही तेच येऊ नये म्हणून. आणि मग दोन-अडीच तास कोंडलेला आवाज आकाशाकडे तोंड करून फुटतो. त्या किंकाळीची ताकद आधीच्या मौनात आहे. मौन म्हणजे काहीच न करणे नव्हे, हे पुरी यांनी येथे दाखवले. श्वास, जबडा, नजर वळवण्याचा क्षण यांतून पात्राच्या मनात चाललेला हिशेब कळत राहतो. 'आक्रोश'ला १९८१ च्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात सुवर्णमयूर मिळाला आणि पुरी यांना साहाय्यक अभिनेत्याचा फिल्मफेअर. या भूमिकेला 'साहाय्यक' ठरवणाऱ्यांचे कौतुक करावे की कीव, हे वाचकांनी ठरवावे.

लगोलग सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी प्रेमचंदांच्या कथेवर 'सद्गती' (१९८१) केला. अवघ्या पाऊण-एक तासाचा हा चित्रपट पुरी यांच्या उत्तम कामांपैकी एक आहे. मुलीच्या सोयरिकीचा मुहूर्त विचारायला आलेल्या दुखी चांभाराला पंडित उपाशीपोटी राबवून घेतो, गाठाळ ओंडका फोडायला लावतो. त्या ओंडक्यावर घाव घालताघालताच दुखी मरतो. दुखीची बायको स्मिता पाटील आणि पंडित मोहन आगाशे. या पंडिताचे नाव प्रेमचंदांच्या मूळ कथेतच घासीराम आहे. पाच वर्षांपूर्वी ज्याने घाशीराम रंगवला तो आता घासीरामाच्या अंगणात लाकूड फोडत होता आणि समोर तेच नाना फडणवीस होते! योगायोगच, पण त्यातून या चळवळीचा आकारही लक्षात येतो. पाच-सहा दिग्दर्शक, दहा-बारा नट आणि त्यांच्यातच फिरत राहणारी कामे.

अर्धसत्य

ज्या चित्रपटाने ओम पुरी हे नाव घरोघरी पोहोचले तो 'अर्धसत्य' (१९८३) जवळजवळ संपूर्णपणे मराठी मातीतून उगवला आहे. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची 'सूर्य'. पटकथा तेंडुलकरांची, संवाद वसंत देव यांचे, ज्या कवितेवरून चित्रपटाचे नाव आले ती दिलीप चित्रे यांची. सदाशिव अमरापूरकरांना रामा शेट्टीच्या भूमिकेत हिंदी प्रेक्षकांनी प्रथमच पाहिले. चित्रपटाची भूमी मुंबई. नायकाचे नाव अनंत वेलणकर, पोलीस उपनिरीक्षक.

वेलणकरला पोलिसात जायचे नव्हते. हवालदार असलेल्या, घरात बायकोवर हात उचलणाऱ्या बापाने त्याला या नोकरीत ढकलले आहे. तो प्रामाणिक आहे. आणि त्याचा प्रामाणिकपणा ज्या व्यवस्थेत चालावा अशी अपेक्षा आहे ती रामा शेट्टीच्या खिशात आहे. त्याने पकडलेल्या गुन्हेगाराचे श्रेय दुसऱ्याला दिले जाते. संताप, दारू आणि अपमान यांच्या मिश्रणातून एका रात्री तो कोठडीतील किरकोळ चोराला मरेपर्यंत मारतो. आता नोकरी वाचवायची तर शेट्टीच्याच पायऱ्या चढायला हव्यात. तो चढतो, शेट्टीचा गळा दाबतो आणि स्वतःहून ठाण्यात हजर होतो.

१९७० च्या दशकातील 'संतप्त तरुणा'चा हा समाचार होता. 'जंजीर'चा विजय खन्ना अन्यायाविरुद्ध लढतो तेव्हा त्याच्या हिंसेवर प्रेक्षक टाळ्या पिटतो. वेलणकरच्या हिंसेची प्रेक्षकाला भीती वाटते, कारण तिचा बळी एक क्षुद्र चोर आहे. कोठडीतील त्या प्रसंगात पुरी यांचा चेहरा पाहावा. रागापेक्षा त्यावर एक प्रकारची अगतिकता आहे, आणि जो हात बापाचा म्हणून तो आयुष्यभर द्वेषत आला तोच आता त्याच्या खांद्यातून फिरतो आहे. अमरीश पुरी यांनी रंगवलेला बाप आणि हा मुलगा यांच्यातील दृश्ये हिंदी चित्रपटातील पितापुत्रांच्या दृश्यांत फार वर जागा घेतील.

दुसरा प्रसंग उपाहारगृहातला. प्राध्यापिका ज्योत्स्ना गोखले (स्मिता पाटील) वेलणकरपुढे कवितेचे पुस्तक ठेवते आणि तो ती मोठ्याने वाचू लागतो. सुरुवात गमतीने, पोलिसी आवाजात, जणू एखादा जबाब वाचावा तशी. दोन-चार ओळींनंतर आवाज खाली येतो, वाक्यांमधील थांबे वाढतात. आपल्याचविषयी हे लिहिले आहे, हे वाचणाऱ्याला कळत जाते. कॅमेरा फारसा हलत नाही. एवढ्या गंभीर कवितेचे पडद्यावर एवढे नैसर्गिक वाचन आमच्या पाहण्यात दुसरे नाही. पुरी यांचा खर्जातील, किंचित घोगरा आवाज हे त्यांचे मोठे शस्त्र होते आणि ते त्यांनी क्वचितच उगाच परजले.

'अर्धसत्य'ने तिकीटबारीवरही यश मिळवले. समांतर चित्रपटाच्या बाबतीत हे अपवादानेच घडे. 'आरोहण'साठी मिळालेल्या राष्ट्रीय पुरस्कारानंतर दोन वर्षांनी पुरी यांना 'अर्धसत्य'साठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८४ च्या कार्लोव्ही व्हॅरी महोत्सवातही त्यांना अभिनयाचे पारितोषिक देण्यात आले.

याच काळातील इतर कामांचा धावता उल्लेख केला तरी आवाका कळतो. रिचर्ड ॲटनबरो यांच्या 'गांधी'त (१९८२) कोलकात्यातील उपोषणाच्या वेळी गांधीजींच्या अंगावर भाकरीचा तुकडा फेकणारा, पोटच्या मुलाच्या खुनाचा सूड म्हणून दुसऱ्याचे मूल मारून आलेला नहारी. एकच प्रसंग, पण तीन तासांच्या चित्रपटात तो विसरला जात नाही. उत्पलेंदु चक्रवर्ती यांच्या बंगाली 'चोख'मध्ये कामगार नेता. एलकुंचवारांच्या नाटकावरील 'पार्टी'त (१९८४) लेखक-कलावंतांच्या गुळगुळीत मैफलीत खडा टाकणारा अविनाश. 'मिर्च मसाला'त (१९८७) सुभेदाराच्या शिपायांपुढे मिरचीच्या कारखान्याचे दार न उघडणारा म्हातारा पहारेकरी अबू मियाँ. आणि या सगळ्या गांभीर्याला उतारा म्हणून कुंदन शाह यांचा 'जाने भी दो यारों' (१९८३). एनएफडीसीच्या सुमारे सात लाख रुपयांत झालेल्या या चित्रपटात त्यांनी अखंड मद्यधुंद कंत्राटदार आहुजा केला. शवपेटीला मोटार समजून तिच्यातल्या प्रेताची विचारपूस करणारा आणि 'महाभारता'च्या चालू प्रयोगात काळा चष्मा लावून घुसणारा हा आहुजा पाहिल्यावर लहान्या भिकू याच माणसाने केला होता यावर विश्वास बसत नाही.

१९८८ हे वर्ष दूरदर्शनचे. निहलानी यांनी भीष्म साहनी यांच्या कादंबरीवर केलेली 'तमस' ही मालिका फाळणीच्या दंगलींवर होती. फसवून डुक्कर मारायला लावलेला आणि त्यातून पेटलेल्या आगीचे ओझे मनावर घेऊन रानोमाळ भटकणारा नथू पुरींनी केला. प्रक्षेपण थांबवावे यासाठी काहींनी न्यायालयात धाव घेतली; प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि प्रक्षेपणाच्या बाजूने निर्णय झाला. त्याच वर्षी बेनेगल यांच्या 'भारत एक खोज'चे निवेदन त्यांच्या आवाजात झाले, शिवाय दुर्योधनापासून औरंगजेबापर्यंत अनेक भूमिका. आणि बासु चटर्जी यांच्या 'कक्काजी कहिन'मध्ये पान चघळणारे बेरकी पुढारी कक्काजी. १९९० साली त्यांना पद्मश्री देण्यात आली.

वाटा बंद होताना

मात्र याच सुमारास समांतर चित्रपटाच्या पायाखालची वाळू सरकू लागली होती. महामंडळ चित्रपटाला कर्ज देई. तो दाखवायचा कोठे, याचे उत्तर त्याच्याकडे नव्हते. कित्येक चित्रपट पुरस्कार घेऊन डब्यात पडून राहिले. स्मिता पाटील १९८६ च्या डिसेंबरात गेल्या. मध्यमवर्गीय प्रेक्षक दूरचित्रवाणीपुढे स्थिरावला होता. १९९१ नंतर उपग्रह वाहिन्या आल्या आणि दूरदर्शनचेही निर्माता म्हणून महत्त्व उतरले. सई परांजपे यांच्या 'दिशा'त (१९९०) मुंबईच्या गिरणीकडे धाव घेणाऱ्या गावात हट्टाने वर्षानुवर्षे विहीर खणत राहणारा परसराम आणि सुधीर मिश्रा यांच्या 'धारावी'त (१९९२) झोपडपट्टीतून वर येण्याची स्वप्ने पाहणारा टॅक्सीचालक राजकरण, ही या पर्वातील त्यांची शेवटची मोठी कामे म्हणता येतील. परसरामला अखेर पाणी लागते. समांतर चित्रपटाला लागले नाही.

पुरी यांच्यापुढे दोन रस्ते होते. त्यांनी दोन्ही धरले. पहिला मुंबईच्या व्यावसायिक चित्रपटाचा. 'घातक', 'गुप्त', 'चाची ४२०', 'हेरा फेरी', 'मालामाल वीकली', पुढे 'दबंग' अशा असंख्य चित्रपटांत ते पोलीस अधिकारी, सरदारजी, दूधवाला किंवा बाप म्हणून आले. त्यांपैकी काही विनोदी कामे फक्कड आहेत. बरीचशी कोणालाही करता आली असती अशी. वेलणकर करणाऱ्याने असे चित्रपट का करावेत, असा नाराजीचा सूर समीक्षकांनी वारंवार लावला. त्या नाराजीत तथ्य होते, पण ती थोडी सोयीचीही होती. ज्या चित्रपटांसाठी आपण या नटाला डोक्यावर घेतले ते तिकीट काढून किती जणांनी पाहिले? पुरी स्वतः याबाबत कोणताही आव आणीत नसत. घर चालवण्यासाठी काम करावे लागते, हे ते मुलाखतींतून सरळ सांगत. मधूनमधून गुलजार यांचा 'माचिस' (१९९६), निहलानी यांचे 'द्रोहकाल' (१९९४) व 'देव' (२००४) आणि विशाल भारद्वाज यांचा 'मकबूल' (२००३) हाती आला की जुना नट लख्ख समोर येई. 'मकबूल'मध्ये 'मॅकबेथ'मधील चेटकिणींच्या जागी दोन भ्रष्ट, ज्योतिषी पोलीस आहेत. नसीर आणि पुरी यांनी हे दोघे केले आहेत. तीस वर्षांच्या सहवासाशिवाय अशी जुगलबंदी जमत नाही.

दुसरा रस्ता परदेशाचा. त्याचे महत्त्व आपल्याकडे पुरेसे ओळखले गेले नाही असे वाटते. रोलंड जोफे यांच्या 'सिटी ऑफ जॉय'मध्ये (१९९२) ते बिहारमधून कोलकात्यात आलेला हातरिक्षावाला हजारी पाल झाले. चित्रीकरणाला कोलकात्यात मोठा विरोध झाला. पुरी मात्र हातरिक्षा ओढण्याचा सराव करीत होते. इस्माईल मर्चंट यांच्या 'इन कस्टडी'त ('मुहाफिज') त्यांनी उर्दू कवीच्या मागे ध्वनिमुद्रक घेऊन धावणारा भाबडा अध्यापक देवेन केला आणि शशी कपूर यांच्यासमोर कमीपणा घेऊन काम करण्याची कला दाखवली. हॉलिवूडमध्ये 'वुल्फ' (१९९४), 'द घोस्ट अँड द डार्कनेस' (१९९६), 'चार्ली विल्सन्स वॉर' (२००७) यांत दुय्यम भूमिका मिळाल्या. शेवटच्यात ते झिया उल हक होते.

त्यांना खरे घर मिळाले ते ब्रिटनच्या अल्पखर्चाच्या, स्वतंत्र चित्रपटांत. हनीफ कुरैशी यांनी लिहिलेला, उदयन प्रसाद दिग्दर्शित 'माय सन द फनॅटिक' (१९९७) उत्तर इंग्लंडमधील पाकिस्तानी टॅक्सीचालक परवेझची गोष्ट सांगतो. पंचवीस वर्षे टॅक्सी चालवून त्याने मुलाला इंग्रज बनवण्याचे स्वप्न पाहिले. मुलगा कडव्या धर्मनिष्ठेकडे वळतो. बापाला जाझ आवडते, रात्री एक पेला लागतो, आणि टॅक्सीत नेहमी बसणाऱ्या एका वेश्येत त्याला मायेचे माणूस सापडते. पडद्यावरील प्रेमिकाची भूमिका त्यांना आयुष्यात फार थोड्या वेळा मिळाली. इथे ती मिळाली आणि त्यांनी तिचे सोने केले. या विषयाची दाहकता जगाला २००१ नंतर कळली. चित्रपट त्याआधी चार वर्षे आलेला.

'ईस्ट इज ईस्ट' (१९९९) त्याच्या जवळपास उलटा. सॅलफर्डमध्ये चिप्सचे दुकान चालवणारा जॉर्ज खान, त्याची इंग्रज पत्नी एला आणि सात मुले. काळ १९७१ चा. मुलांनी पाकिस्तानी रीतिरिवाज पाळावेत म्हणून हटून बसलेला हा बाप घरात हात उचलतो. चित्रपट विनोदी आहे आणि तरीही त्याच्या मारहाणीच्या प्रसंगात हसू गोठते. पुरी यांनी जॉर्जला राक्षस होऊ दिले नाही आणि त्याची कड घेऊन त्याला साळसूदही केले नाही. चित्रपट ब्रिटनमध्ये तुफान चालला, सर्वोत्कृष्ट ब्रिटिश चित्रपटाचा बाफ्टा पुरस्कार त्याला मिळाला आणि प्रमुख अभिनेत्याच्या नामांकनात ओम पुरी यांचे नाव झळकले. २००४ साली ब्रिटिश चित्रपटसृष्टीतील योगदानासाठी त्यांना 'ओबीई' हा मानद किताब देण्यात आला. पुढचा भाग 'वेस्ट इज वेस्ट' २०१० साली आला. त्यात पहिल्याची धार नव्हती. लासे हाल्स्ट्रॉम यांच्या 'द हंड्रेड-फूट जर्नी'त (२०१४) फ्रान्समधील खेड्यात हिंदुस्थानी खानावळ थाटणारा 'पापा' हेलन मिरेन यांच्यासमोर बरोबरीने उभा राहिला. इंग्रजीच्या भीतीने गप्प बसणाऱ्या पतियाळाच्या मुलाने कारकिर्दीची अखेरची चांगली कामे इंग्रजीत केली.

उत्तरायुष्यातील खासगी कलह, २००९ साली पत्नीने लिहिलेल्या चरित्रावरून झालेला वाद, २०१६ साली वाहिनीवरील चर्चेत जवानांविषयी केलेले आणि नंतर जाहीर माफी मागून मागे घेतलेले विधान, यांची चर्चा वृत्तपत्रांनी त्या त्या वेळी भरपूर केली. तिची उजळणी येथे नको. मात्र शेवटच्या वर्षांतही काम थांबले नव्हते. 'बजरंगी भाईजान'मध्ये (२०१५) ते मौलवी झाले, 'द जंगल बुक'च्या हिंदी आवृत्तीत (२०१६) बघीराचा आवाज, त्याच वर्षी पाकिस्तानी 'ॲक्टर इन लॉ'मध्ये नायकाचा वकील बाप.

६ जानेवारी २०१७ रोजी सकाळी मुंबईत अंधेरी येथील घरी हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. पुढच्या महिन्यात लॉस एंजेलिस येथे झालेल्या ऑस्कर सोहळ्यातील स्मरणचित्रफितीत त्यांचे छायाचित्र होते. 'द गाझी अटॅक', 'व्हाइसरॉयज हाऊस' आणि 'ट्यूबलाइट' हे चित्रपट त्यांच्या पश्चात पडद्यावर आले. तिन्हींत त्यांच्या भूमिका छोट्याच होत्या.